नागपूरचे मास्तर आणि नॅशव्हिलची तालीम

१९५५ सालचा डिसेंबर. नागपूर तेव्हा जुन्या मध्य प्रदेशाची राजधानी होती. हिस्लॉप कॉलेजात मुलांना खेळ शिकवणारा एक सत्तावीस वर्षांचा अमेरिकन मिशनरी ‘नागपूर टाइम्स’ वाचीत होता. वाचता वाचता त्याची नजर एका परदेशी बातमीवर खिळली आणि दुसऱ्याच क्षणी तो मोठ्याने ओरडला, टाळ्या पिटू लागला. याला एकाएकी झाले तरी काय, म्हणून शेजारी धावून आले! हा किस्सा पुढे ते गृहस्थ स्वतःच मोठ्या खुशीत सांगत.

बातमी अशी होती : अमेरिकेच्या दक्षिणेत अलाबामा राज्यात माँटगोमेरी नावाचे शहर आहे. तेथील काळ्या लोकांनी गावच्या बसगाड्यांवर बहिष्कार घातला होता. रोझा पार्क्स नावाच्या बाईंनी गोऱ्या उतारूसाठी जागा सोडायचे नाकारले, म्हणून त्यांना अटक झाली होती. त्यानंतर सारा समाज पायी चालू लागला होता आणि त्यांचा पुढारी होता एक सव्वीस वर्षांचा पाद्री, मार्टिन ल्यूथर किंग. आपला नागपूरचा मास्तर वर्षानुवर्षे मनाशी जे घोकत होता, ते त्याच्या देशात, त्याच्याच लोकांनी सुरू केले होते.

या मास्तरांचे नाव जेम्स लॉसन. मी नागपूरची. हिस्लॉपच्या फाटकावरून आयुष्यभर ये-जा केली, माझ्या घरातली दोन माणसे तेथे शिकली. पण हे नाव आमच्या घरी कधी कुणाच्या तोंडी आले नाही. ते मला भेटले सातासमुद्रापलीकडे, टेनेसी राज्यातल्या नॅशव्हिल गावी. लेकीकडे गेले होते, तेव्हा तिने हौसेने तेथले सार्वजनिक वाचनालय दाखवायला नेले. चर्च स्ट्रीट आणि सातवी अव्हेन्यू यांच्या चौकावर ती भव्य इमारत उभी आहे. तिच्यात एक दालन केवळ नागरी हक्कांच्या लढ्यासाठी ठेवलेले आहे. मध्यभागी गोलाकार टेबल, भोवती उंच स्टुले, आणि टेबलाच्या कडेने कोरलेले नियम. मारले तरी उलट मारू नका. शिव्या दिल्या तरी शिव्या देऊ नका. मोठ्याने हसू नका. नायकाने सांगितल्यावाचून जागा सोडू नका. ताठ बसा आणि तोंड टेबलाकडे ठेवा. दाराशी वाट अडवू नका. शेवटी येशू ख्रिस्त, महात्मा गांधी आणि मार्टिन ल्यूथर किंग यांची शिकवण ध्यानात ठेवा. शाळेत आयुष्य घालवलेल्या माझ्यासारखीला हे नियम पाहून पहिल्यांदा वाटले ते हे की, हे कुण्या पुढाऱ्याचे भाषण नव्हे, ही मास्तराची भाषा आहे. आणि ते खरेच निघाले.

आपल्याकडे अमेरिकेतल्या या लढ्याची गोष्ट सांगतात ती थोडी परीकथेसारखी सांगतात. एक बाई दिवसभर शिवणकाम करून दमली होती, म्हणून बसमधून उठली नाही. मग एक तेजस्वी वक्ता उभा राहिला. त्याने आपले स्वप्न सांगितले. आणि कायदे बदलले. गोष्ट गोड आहे, पण तिच्यात मधली दहा वर्षे गळून पडतात आणि मुख्य म्हणजे कष्ट गळून पडतात. रोझा पार्क्स बारा वर्षे एका हक्कविषयक संस्थेच्या शाखेत काम करीत होत्या. बसमधल्या त्या प्रसंगाच्या चारच महिने आधी त्या टेनेसीच्या डोंगरातल्या हायलँडर लोकशाळेच्या शिबिराला जाऊन आल्या होत्या. शरीराने दमले होते म्हणून नव्हे, तर मान तुकवण्याला कंटाळले होते म्हणून उठले नाही, असे त्यांनीच पुढे बजावून सांगितले. धैर्य ही काही अवचित आकाशातून पडणारी वस्तू नव्हे. ती शिकावी लागते, शिकवावी लागते, गाण्याच्या रियाजासारखी रोज घासावी लागते. नॅशव्हिलमध्ये हा रियाज कसा झाला, तेवढेच आज मला सांगायचे आहे.

आधी मास्तरांविषयी. लॉसन यांचा जन्म १९२८ सालचा. बालपण गेले ओहायो राज्यातल्या मॅसिलन गावी. वडील मेथडिस्ट पंथाचे पाद्री, पण असे पाद्री की कमरेला पिस्तूल बाळगीत. आई नेमकी उलट स्वभावाची. जेम्स दहाएक वर्षांचा असताना आईने सांगितलेल्या कामासाठी चालला होता. वाटेत एका मोटारीतून एका गोऱ्या पोराने त्याला जातीवरून शिवी हासडली. याने जाऊन त्याच्या थोबाडीत ठेवून दिली आणि घरी येऊन मोठ्या फुशारकीने आईला सांगितले. आई चुलीपाशी पाठमोरी उभी होती. मागे न वळताच तिने विचारले, जिमी, याने काय साधले रे? मग तिने त्याला बरेच काही समजावले. त्या प्रश्नापाशी आपले आयुष्य वळले असे लॉसन शेवटपर्यंत सांगत. आपल्या आयांच्या पाठमोऱ्या बोलण्यातही अशीच ताकद असते, हे कोणाला वेगळे सांगायला हवे?

कॉलेजात असताना त्यांनी गांधीजींची पुस्तके वाचली. कोरियाचे युद्ध सुरू झाले, सक्तीच्या लष्करभरतीचा हुकूम आला, तेव्हा त्यांनी जायला नकार दिला. विद्यार्थी म्हणून किंवा होणारा पाद्री म्हणून सवलत मागितली असती तर मिळाली असती. तीही मागितली नाही. तीन वर्षांची शिक्षा झाली आणि तेरा महिने तुरुंगात काढल्यावर सुटका झाली. मग १९५३ साली मेथडिस्ट मिशनने त्यांना नागपूरला धाडले. तीन वर्षे ते येथे राहिले. हिस्लॉपची मुले खेळवली, गांधीजींच्या सहवासातल्या माणसांना भेटले, सत्याग्रह म्हणजे केवळ सोशीकपणा नव्हे, त्याला आखणी लागते, शिस्त लागते, हे समजून घेतले.

येथे एक गोष्ट बोलायला हवी. हा काळा तरुण अमेरिकेतल्या अस्पृश्यतेवर औषध शोधीत ज्या नागपुरात हिंडत होता, त्या नागपुरात आपल्या घरची अस्पृश्यता काही संपलेली नव्हती. ते ज्या १९५६ साली मायदेशी परतले, त्याच वर्षी १४ ऑक्टोबरला डॉ. बाबासाहेब आंबेडकरांनी याच गावात लक्षावधी अनुयायांसह बौद्ध धर्माची दीक्षा घेतली. औषध आपण परदेशी पाठवले आणि रोगी घरात निजून होता, असे कोणी म्हटले तर मला त्याचा राग येणार नाही.

१९५७ सालच्या फेब्रुवारीत ओहायोतल्या ओबर्लिन कॉलेजात किंग व्याख्यानाला आले. लॉसन तेथे धर्मशास्त्र शिकत होते. दोघेही अठ्ठावीस वर्षांचे. बोलता बोलता लॉसन यांनी सांगितले की, शिक्षण संपल्यावर दक्षिणेत येऊन काम करायचा विचार आहे. किंग म्हणाले, नंतर नको, आत्ताच या. अहिंसेचे असे शिक्षण घेतलेला माणूस आमच्याकडे एकही नाही. झाले! पुढल्याच वर्षी लॉसन नॅशव्हिलला दाखल झाले. गावात व्हँडरबिल्ट नावाचे श्रीमंत विद्यापीठ आहे. त्याच्या धर्मशास्त्र विभागात त्यांनी नाव घातले आणि दुसरीकडे आपले काम सुरू केले.

नॅशव्हिल हे दक्षिणेतले जरा सभ्य शहर समजले जाई. ‘दक्षिणेचे अथेन्स’ असे बिरुदही त्याने मिरवले होते. काळ्यांसाठी फिस्क विद्यापीठ होते, मेहॅरी वैद्यकीय महाविद्यालय होते, एक सरकारी विद्यापीठ होते, बाप्टिस्ट पाद्र्यांची पाठशाळा होती. मारहाण, जाळपोळ असे उघड प्रकार कमी. पण सभ्यपणाच्या गालिच्याखाली काय होते, ते बायकांना ठाऊक होते.

लॉसन यांनी चर्चच्या बैठकांत लोकांना विचारले, आपण सुरुवात कुठून करावी? मतदान, शाळा, नोकऱ्या, घरे, अन्याय तर पदोपदी होते. पुरुष मोठमोठे विषय काढीत होते. तेव्हा बायका बोलल्या. त्यांनी सांगितले बाजाराचे. गावाच्या मध्यभागी मोठमोठी दुकाने. तेथे काळ्या बाईने पैसे खर्च करायला कोणाची ना नव्हती; कापड घ्या, भांडी घ्या, मुलांचे बूट घ्या. पण चार तास पायपीट झाल्यावर त्याच दुकानात खाण्याचे जे काउंटर असे, लंच-काउंटर म्हणत त्याला, तेथे तिने बसायचे नाही. पेलाभर कॉफी मागायची नाही. बरोबरच्या लेकराला लघवीला लागले तर न्यायचे कुठे? हार्वे नावाच्या दुकानात मुलांना भुरळ घालण्यासाठी जत्रेतल्या चक्रावरचे रंगीत लाकडी घोडे मांडले होते. पोर हट्ट धरते, आई मला भूक लागली, आपण तिथे बसू या ना! त्याला काय सांगायचे? तू माणूस आहेस पण तिथे बसण्याइतका नाहीस, हे चार वर्षांच्या मुलाला कोणत्या शब्दांत सांगतात?

या बायकांचे ऐकून लॉसन यांनी ठरवले की, लढा येथूनच. पुढे कित्येक वर्षांनीही ते आवर्जून सांगत की, ही निवड माझी नव्हे, त्या बायकांची. इतिहासाच्या पुस्तकांत या बायकांची नावे सापडत नाहीत. दर लढ्यात असेच का व्हावे, हा प्रश्न मी येथे नुसता मांडून ठेवते.

१९५९ च्या शरदात क्लार्क मेमोरियल या छोट्या मेथडिस्ट चर्चमध्ये दर मंगळवारी संध्याकाळी वर्ग भरू लागला. प्रथम पाचदहा मुले. मग वाढली. कोण होती ही मुले? शिकागोची डायेन नॅश. दिसायला इतकी देखणी की सौंदर्यस्पर्धांत उतरलेली. फिस्क विद्यापीठात शिकायला आली आणि गावच्या जत्रेत ‘काळ्यांसाठी’ अशी पाटी लावलेले शौचगृह पाहून संतापाने थरथरली. अलाबामातल्या एका खेड्यातला जॉन लुईस. आईवडील दुसऱ्याची जमीन वाट्याने कसणारे. हा लहानपणी घरच्या कोंबड्यांना गोळा करून त्यांच्यापुढे प्रवचन करी! पाठशाळेत झाडलोट आणि भांडी घासून शिकत होता. बोलायला अडखळत असे. बर्नार्ड लाफायेट, जेम्स बेव्हल, मॅरियन बॅरी. सगळी अठरा ते तेवीस-चोवीस वर्षांची.

वर्गात काय चाले? आधी वाचन आणि चर्चा : बायबल, गांधी, थोरो. मग तालीम. अक्षरशः तालीम, नाटकाची असते तशी. खुर्च्या ओळीने मांडायच्या. हे झाले काउंटर. काहींनी त्यावर बसायचे. उरलेल्यांनी गोरे गुंड व्हायचे. गुंडांनी बसलेल्यांना घाणेरड्या शिव्या द्यायच्या, तोंडावर सिगारेटचा धूर सोडायचा, केस ओढायचे, पाठीमागून खुर्ची काढून घ्यायची, थुंकायचे. बसलेल्याने राग गिळायचा; एवढेच नव्हे, समोरच्याच्या डोळ्यांत डोळे घालून पाहायचे, कारण जो आपल्याला माणूस म्हणून पाहतो त्याला मारणे अवघड जाते. पडायचे कसे, डोके कसे सांभाळायचे, एकाला फार मार बसू लागला तर दुसऱ्याने मध्ये अंग घालून मार कसा वाटून घ्यायचा, हे सारे पुनःपुन्हा करायचे. मित्राने मित्राला, मैत्रिणीने मैत्रिणीला त्याच शिव्या द्यायच्या ज्या उद्या खरोखर कानी पडणार होत्या. काही जणांना हे सोसले नाही. मला मारले तर मी मारणारच, असे म्हणून काही वर्गातून निघून गेले. लॉसन त्यांना दोष देत नसत. पण अशा माणसाला काउंटरवर पाठवीतही नसत. डायेन नॅशला तर प्रथम वाटले होते की, ही युक्ती चालायची नाही. पण गावात दुसरे कोणी काही करीतच नव्हते, म्हणून ती येत राहिली.

तालमीबरोबर चौकशीही. कोणत्या दुकानाचा मालक कसा आहे, काउंटरवर किती स्टुले आहेत, गर्दी कधी असते. आधी दुकानदारांना भेटून रीतसर विनंती केली. ते गोड बोलले आणि नाही म्हणाले. मग नोव्हेंबरात आणि डिसेंबरात दोन दुकानांत मुले चाचणीपुरती बसून आली. नाही म्हटल्यावर नम्रपणे नकाराचे कारण विचारून उठली.

इतक्यात १ फेब्रुवारी १९६० ला उत्तर कॅरोलायनातल्या ग्रीन्सबरो गावी चार विद्यार्थी वूलवर्थच्या काउंटरवर जाऊन बसले आणि देशभर गाजले. पहिलेपणाचा मान त्यांना गेला. पण महिनोन्महिने कसून तयार झालेली फौज उभी होती ती नॅशव्हिलात. १३ फेब्रुवारीला, शनिवारी, बर्फ पडलेले असताना सव्वाशेच्या आसपास मुले-मुली चर्चमधून निघाली. मुलांच्या अंगात कोट-टाय, मुलींच्या पायांत उंच टाचांचे बूट, हातांत वह्या-पुस्तके. पाचव्या अव्हेन्यूवरच्या दुकानांत जाऊन त्यांनी आधी काहीबाही खरेदी केली, आणि मग काउंटरवर बसून खायला मागितले. वाढणाऱ्या बायका गोंधळून गेल्या. काउंटर बंद झाल्याच्या पाट्या लागल्या. मुले बसून राहिली आणि गृहपाठ करू लागली! दोनेक तासांनी उठून रांगेने परत गेली. पुढल्या आठवड्यात हेच, आणखी जास्त मुलांनिशी.

२७ फेब्रुवारीचा शनिवार मात्र वेगळा ठरला. पोलीस बाजूला होणार आणि गुंड तुटून पडणार, अशी कुणकुण आधीच लागली होती. जायचे की नाही, यावर विचार झाला आणि जायचे ठरले. लुईस आणि लाफायेट यांनी आदल्या दिवसांत बसून ते नियम लिहिले, सायक्लोस्टाइल करून वाटले. तेच आज वाचनालयातल्या टेबलावर आहेत. त्या दिवशी मुलांना स्टुलांवरून ओढून पाडले, लाथा घातल्या, पेटत्या सिगारेटी पाठीवर विझवल्या. नंतर पोलीस आले आणि त्यांनी पकडले ते कोणाला? बसलेल्या मुलांना. गुन्हा काय, तर शांततेचा भंग! पण गंमत पुढे आहे. एक तुकडी पकडून नेताच दुसरी तुकडी येऊन त्याच स्टुलांवर बसली. तीही नेली, तर तिसरी. पोलिसांनी एकूण ८१ जणांना नेले.

याच लढ्यातला लॉसन यांचा एक प्रसंग प्रसिद्ध आहे. कातडी जाकीट घातलेला एक धटिंगण त्यांच्या तोंडावर थुंकला. लॉसन यांनी शांतपणे त्याच्याकडेच रुमाल मागितला. तो इतका चकित झाला की त्याने खिशातून रुमाल काढून दिला! यांनी तोंड पुसले, रुमाल परत केला, आणि विचारले, तुझ्याकडे मोटरसायकल आहे का रे? मग दोघे मोटरसायकलींविषयी बोलत राहिले आणि तेवढ्यात मागे मार खाणारा सोबती उठून बाजूला झाला.

खटला चालला, तोही पाहण्यासारखा. मुलांचे वकील झेड. अलेक्झांडर लूबी हे गावचे नगरसेवकही होते. ते बोलायला उभे राहिले तेव्हा न्यायाधीश महाशय खुर्ची फिरवून त्यांच्याकडे पाठ करून बसले. प्रत्येकी ५० डॉलर दंड झाला. डायेन नॅशने उठून सांगितले की, हा दंड भरणे म्हणजे त्या अन्यायाला हातभार लावणे होईल. आम्ही तुरुंगात जाऊ. आणि गावाने पाहिले की विद्यापीठात शिकणारी मुले-मुली रस्त्यावरचे बर्फ ओढीत आहेत. त्यानंतर थोड्याच दिवसांत व्हँडरबिल्टने लॉसन यांचे नाव विद्यार्थ्यांच्या यादीतून काढून टाकले. निषेध म्हणून धर्मशास्त्र विभागातल्या बहुतेक प्राध्यापकांनी राजीनामे पुढे केले. हीही हिंमतच, आणि तिचा हिशेब ठेवायला हवा.

पण नुसत्या मार खाण्याने दुकानदारांचे मन पाझरले, असे कोणी समजू नये. पाझरला तो गल्ला. ईस्टर जवळ आला होता. तिकडे ईस्टर म्हणजे आपली दिवाळीच. लहानथोरांना नवे कपडे, नव्या टोप्या. त्या वर्षी काळ्या समाजाने ठरवले की, गावातल्या दुकानांत एक दमडीही खर्च करायची नाही. मुलांना जुनेच कपडे घालून चर्चला नेले. दंग्याच्या भीतीने गोरी गिऱ्हाइकेही फिरकेनात. ऐन सणात दुकाने ओस! घरचा खर्च बाईच्या हाती असतो. तिने पर्स मिटली की कसला व्यापार आणि कसला वर्णाभिमान? माझ्या मते या लढ्यातले सर्वांत धारदार हत्यार हेच होते. फरक एवढाच की ते घरोघरी मुकाट्याने चालवले गेले, म्हणून त्याची छायाचित्रे नाहीत.

१९ एप्रिलला पहाटे लूबी यांच्या घरावर कोणी डायनामाइट टाकले. घराचा दर्शनी भाग कोसळला. समोरच्या मेहॅरी महाविद्यालयाच्या शंभरावर खिडक्यांच्या काचा फुटल्या. वकीलसाहेब आणि त्यांच्या पत्नी मागच्या खोलीत झोपले होते म्हणून वाचले. त्याच दिवशी तीन हजारांवर माणसे तिघा-तिघांच्या रांगेने जेफर्सन स्ट्रीटवरून नगरभवनाकडे निघाली. घोषणा नाही, गाणे नाही. केवळ पावलांचा आवाज. पायऱ्यांवर महापौर बेन वेस्ट सामोरे आले. आधी सी. टी. व्हिव्हियन या तरुण पाद्र्याशी त्यांची खडाजंगी झाली. महापौर चिडले होते. मग डायेन नॅशने साधा प्रश्न विचारला : केवळ वर्णावरून माणसामाणसांत भेद करणे चूक आहे असे आपल्याला माणूस म्हणून वाटते की नाही? वेस्ट थांबले. आणि हो, चूक आहे, असे त्यांनी सर्वांसमक्ष कबूल केले. काउंटरवर सर्वांना बसू द्यावे का? त्यालाही त्यांनी होच म्हटले.

तीन आठवड्यांनी, १० मे १९६० रोजी, सहा दुकानांच्या काउंटरवर काळ्या गिऱ्हाइकांना पहिल्यांदा वाढले गेले. तेही ठरवून, गाजावाजा न करता, थोडी थोडी माणसे, गर्दी नसताना. महाडच्या चवदार तळ्यावर २० मार्च १९२७ ला बाबासाहेबांनी ओंजळभर पाणी घेतले ते तहान लागली होती म्हणून नव्हे. त्या मुलांनाही सँडविचची भूक नव्हती. पण महाडला पाण्यानंतर काठ्या पडल्या आणि कोर्टकचेरी १९३७ पर्यंत चालली, हेही आपल्याला आठवलेले बरे.

हे झाले एका गावापुरते आणि एका टेबलापुरते. हॉटेले, चित्रपटगृहे, शाळा यांसाठी पुन्हा लढावे लागले. देशभराचा कायदा २ जुलै १९६४ ला झाला. परंतु नॅशव्हिलच्या तालमीतून निघालेली मुले त्या सगळ्या लढ्यांत पुढे दिसतात. १९६१ च्या मे महिन्यात अलाबामात ‘फ्रीडम राइड’ची बस जाळली गेली, प्रवाशांना मारहाण झाली, मोहीम थांबणार असे झाले, तेव्हा नॅशव्हिलची मुले मृत्युपत्रे लिहून पुढल्या बसमध्ये बसली. आखणी करीत होती डायेन नॅश. सेल्माच्या पुलावर ७ मार्च १९६५ ला घोडेस्वार पोलिसांनी मोर्चा चिरडला, त्यात आघाडीला होता जॉन लुईस. त्याची कवटी फुटली, पण त्याने हात उचलला नाही.

आता माझ्या मनातली अढी सांगते. शत्रूवर प्रेम करा, असे लॉसन शिकवीत. उलट मारू नका हे मला कळते. त्यात शहाणपण आहे. पण जो माझ्या पाठीवर सिगारेट विझवतो त्याच्यावर प्रेम? हे मला पेलत नाही. तेव्हाही पुष्कळांना पेलले नाही. १९६६ साली विद्यार्थ्यांच्या त्या संघटनेने लुईस यांना अध्यक्षपदावरून दूर केले आणि ‘काळ्यांची सत्ता’ ही घोषणा पुढे आली. त्याच वर्षी ब्लॅक पँथर पक्ष निघाला. त्याच्यावरून १९७२ साली आपल्या मुंबईत दलित पँथरने नाव घेतले. तो संताप खोटा नव्हता. संतापायला कारणेही होती. ज्या जेफर्सन स्ट्रीटवरून तो मूक मोर्चा गेला, तेथे काळ्या लोकांची दुकाने, खानावळी, संगीताचे अड्डे होते. १९६० च्या दशकाच्या अखेरीस सरकारने राष्ट्रीय महामार्ग नेमका त्या वस्तीतून काढला. लोक न्यायालयात गेले आणि हरले. शेकडो घरे-दुकाने गेली. काउंटरवर जागा मिळाली आणि पायाखालची जमीन गेली, असा हा हिशेब आहे.

लॉसन मात्र आपल्या वाटेवरून ढळले नाहीत. १९६८ साली ते मेंफिस गावी पाद्री होते. १ फेब्रुवारीला कचऱ्याच्या गाडीच्या यंत्रात सापडून दोन सफाई कामगार चिरडून मेले आणि तेराशे कामगारांनी संप केला. ‘मी माणूस आहे’ एवढेच शब्द असलेले फलक त्यांनी गळ्यांत अडकवले होते. संपाची सूत्रे लॉसन यांच्या समितीकडे होती. किंग यांना बोलावले तेही त्यांनीच. ३ एप्रिलच्या रात्री भाषणात किंग यांनी लॉसन यांचे नाव घेऊन गौरव केला. दुसऱ्या दिवशी संध्याकाळी मोटेलच्या सज्जात त्यांना गोळी लागली. आपण बोलावले म्हणून मित्र आला आणि गेला, हे ओझे घेऊन माणूस कसा जगतो? लॉसन जगले आणि शिकवीत राहिले. १९७४ पासून लॉस एंजलिसच्या चर्चमध्ये, हॉटेलांत झाडलोट करणाऱ्या बायकांच्या संघटनेत, विद्यापीठांत. ज्या व्हँडरबिल्टने त्यांना काढले, त्याने पुढे चूक कबूल करून त्यांना प्राध्यापक म्हणून बोलावले, आणि २०२२ साली त्यांच्या नावाने संस्था काढली. २०२३ साली नॅशव्हिलमध्ये त्यांच्या नावाची शाळाही उघडली.

जॉन लुईस तेहतीस वर्षे अमेरिकन काँग्रेसचे सभासद होते. १७ जुलै २०२० रोजी, ऐंशीव्या वर्षी ते वारले. अटलांटातल्या चर्चमध्ये अंत्यविधी झाला. तीन माजी राष्ट्राध्यक्ष बोलले. आणि बोलायला उभे राहिले एक्याण्णव वर्षांचे लॉसन मास्तर, आवाज खणखणीत. त्यांनी सांगितले ते १९५९-६० च्या नॅशव्हिलचेच : ती मुले, ते वर्ग, तो गाव. ९ जून २०२४ रोजी तेही गेले.